लाकडाचं सोंग

चर्चमधून घरी येईपर्यंत वाटेत कुणी अवाक्षर काढलं नाही, तेव्हाच रोबीनाने ओळखलं की आजचं जेवण कुणाच्या अंगी लागायचं नाही. मेल्ड्रमांच्या घरात आरडाओरडा चालू असला की खुशाल समजावं, सगळं ठीक आहे. सगळे गप्प झाले की मात्र जीव मुठीत धरून बसावं. बाबा सगळ्यांच्या पुढे, टोपी डोळ्यांवर ओढून. त्यांच्या मागे आई, बायबल छातीशी धरून. आणि शेवटी तिचा भाऊ ड्यूगल, त्याच्या त्या अमेरिकन बुटांचा कुरकुर आवाज करत. समुद्रावरून धुकं वर चढत होतं. रविवार असल्यामुळे गोल्फच्या मैदानावर चिटपाखरू नव्हतं. मेंढ्या तेवढ्या चरत होत्या, त्यांना चर्चचे नियम लागू नव्हते.

ड्यूगलला सोमवारी सकाळच्या गाडीने निघायचं होतं, आणि निघताना बाबांचं उत्तर सोबत न्यायचं होतं. हो, नाहीतर नाही. शिकागोकडच्या एका क्लबात श्रीमंतांना खेळ शिकवण्यात त्याने तारुण्य घालवलं होतं आणि आता तो परतला होता तो हार्टवेल कंपनीचा माणूस होऊन. हार्टवेल कंपनी गोल्फच्या पोलादी दांड्यांच्या काठ्या काढत असे. गेल्या हिवाळ्यात गोल्फचे नियम ठरवणाऱ्या सेंट अँड्र्यूजच्या थोरामोठ्यांनी पोलादाला परवानगी दिली, आणि वसंत उजाडायच्या आत कंपनीला स्कॉटलंडमधल्या फाईफच्या किनाऱ्यावर गावोगावी एकेक दुकान हवंसं झालं. या गावात ते मेल्ड्रमांचं असावं अशी कंपनीची इच्छा. मेल्ड्रम नको म्हणाले, तर समोरचा दुकानदार कनिंगहॅम तयारच होता. दांडे, माथे, मुठींचं चामडं, सगळं कंपनी पाठवणार. दुकानातल्या एका माणसाने ते जोडायचं आणि विकायचं. मेल्ड्रम हातांनी घडवत आले ते हिकरी नावाच्या चिवट लाकडाचे दांडे बंद.

एका माणसाने. हे शब्द ड्यूगल शुक्रवारपासून इतक्यांदा बोलला होता की रोबीनाला ते पाठ झाले होते. तो माणूस म्हणजे धाकटा अँगस, हे कुणी न सांगताच ठरलं होतं. अँगसला बायको होती, जेसी, आणि जेसीला दिवस भरत आले होते. रोबीनाला कामाच्या टेबलाचं एक टोक होतं, बाबांच्या उजव्या हाताला, आणि पस्तिशी ओलांडलेल्या बाईला त्याहून जास्त काही असावं असं गावात कुणाच्या मनातही येत नव्हतं.

आईने सूप वाढलं. सगळ्यांनी मान खाली घालून ते असं प्यायलं की जणू वाडग्याच्या तळाशी उत्तर सापडणार होतं.

"मीठ कमी आहे का?" आईने विचारलं.

"नाही," सगळे एकदम म्हणाले.

आर्ची काकांना शांतता सहन होत नसे. ते बाबांचे धाकटे भाऊ. जन्मभर मैदानाची निगा राखली, लग्न केलं नाही आणि रविवारचं जेवण कधी चुकवलं नाही. पाव सुपात बुडवत ते म्हणाले, "एबेन, तुला सांगतो, मेल्ड्रमांवर ही तिसरी पाळी आहे. आपले आजोबा पिसांचे चेंडू भरायचे. टोपीभर पिसं एवढ्याशा चामड्यात कोंबायची, छाती फुटेस्तोवर. मग झाडाच्या चिकाचा चेंडू आला. आजोबा म्हणाले, टिकायचा नाही."

"जेव आर्ची."

"मग आपण चिकाचे चेंडू पाडायला लागलो, तर अमेरिकेतून रबराचा आला. तू काय म्हणालास?"

बाबांनी पावाचा तुकडा मोडला.

"टिकायचा नाही, म्हणालास. आता चिकाच्या चेंडूंचे साचे कुठायत?"

"कोंबड्या पाणी पितात त्यांतून," आई म्हणाली, आणि मग आपण हसवायला नको होतं हे लक्षात येऊन तिने मांसाचं ताट पुढे सरकवलं.

"म्हणजे तुम्ही माझ्या बाजूने आहात ना काका?" ड्यूगलने विचारलं.

"मी कुणाच्याच बाजूने नाही रे. मी फक्त सांगतोय की आपण दर वेळी म्हणतो, टिकायचं नाही. आणि ते टिकतं."

बाबांनी सुरी खाली ठेवली. "चेंडूचं वेगळं, काठीचं वेगळं. चेंडू झुडपात हरवतो, दुसरा घेतात. काठी माणसाबरोबर म्हातारी होते. माणूस मेला की मुलगा ती घेऊन माझ्याकडे येतो आणि म्हणतो, माझ्या उंचीला करून द्या."

"बाबा, अमेरिकेत आता एकेक काठी कुणी घेतच नाही," ड्यूगल म्हणाला. त्याचा आवाज दुकानदारासारखा गोड झाला होता, आणि रोबीनाला त्याचीच भीती वाटत होती. "अख्खा संच घेतात. एकसारखा. काठ्यांची मॅशी, निब्लिक असली नावंही गेली. नंबर असतात. मॅशी म्हणजे पाच नंबर."

"नावं पोरांना ठेवतात. नंबर कैद्यांना."

"कैदी वेळेवर जेवतात तरी," जेसी पुटपुटली. मग सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं म्हणून तिने हनुवटी वर केली. "खरं ते बोलले. हिवाळाभर दुकानात आलं कोण? तो मेजर आला, तोही जुन्या काठीला दोरा गुंडाळून घ्यायला."

"अँगस," बाबा म्हणाले, "तुझ्या बायकोला सांग."

अँगसने बायकोला काही सांगितलं नाही. टेबलाखाली जेसीचा पाय त्याच्या पायावर होता, हे रोबीनाला टेबलक्लॉथच्या हालचालीवरून दिसत होतं. शुक्रवारपर्यंत अँगस बाबांच्या शब्दाबाहेर नव्हता. काल दुपारी मात्र तो आणि ड्यूगल दुकानामागच्या भट्टीच्या खोलीत दार लावून बसले होते. विचारलं तर म्हणाले, जुन्या गप्पा.

"बाबा," अँगस ताटाकडे बघत म्हणाला, "मला वाटतं, हो म्हणावं."

बाबांनी आईकडे पाहिलं. एवढ्या वर्षांत आई त्यांच्या विरोधात गेली नव्हती, निदान जेवणाच्या टेबलावर तरी नाही. आई पाणी ओतत राहिली. पेला भरला तरी ओतत राहिली.

"ड्यूगलला कंपनी एडिंबरोत ठेवणार आहे," ती शेवटी म्हणाली. "दुकानं मिळाली तर. नाहीतर परत अमेरिकेला पाठवतील. एबेन, मला मरायच्या आधी दर महिन्याला माझ्या पोराचं तोंड बघायचंय. माझं काही चुकतंय का?"

रोबीनाने मनातल्या मनात मोजलं. आई पलीकडे गेली. अँगस गेला. जेसी पहिल्यापासून पलीकडेच होती, आणि काका वाऱ्याबरोबर फिरणारे. बाबांच्या बाजूला आता फक्त ती उरली होती, आणि बाबांच्या बाजूने उभं राहायची तिची भीती त्या सगळ्यांच्या भीतीपेक्षा मोठी होती. कारण तिला जे माहीत होतं ते त्यांच्यापैकी कुणालाच माहीत नव्हतं.

बाबांचा चेहरा तांबडा झाला. एकटा पडलेला माणूस बोलतो तसं ते मोठ्याने बोलले.

"पोलादाची नळी आणि हिकरीचं लाकूड! अरे, त्यातला फरक आंधळ्यालाही कळेल!"

ड्यूगलने रुमालाने तोंड पुसलं. "मग आंधळे व्हा ना बाबा. बांधा डोळे."

काका हसायला लागले, मग कुणीच हसत नाही हे पाहून थांबले. ड्यूगल उठला, बाहेरच्या खोलीतून आपली लांबडी पिशवी घेऊन आला आणि तिच्यातून एक काठी काढून टेबलावर आडवी ठेवली. मॅशी. पिवळसर लाकडी दांडा, त्यावर उभ्या रेषा, मुठीवर काळं चामडं. रोबीनाने वाकून पाहिलं. रेषा फार सरळ होत्या. झाड एवढं सरळ वागत नाही.

"पोलाद आहे," ड्यूगल म्हणाला. "वरून सेल्युलॉइडचं कातडं चढवलंय, लाकडाच्या रंगाचं. म्हाताऱ्या गिऱ्हाइकांना चमकणारा दांडा बघवत नाही, म्हणून कंपनी हे सोंग काढते."

"आणि हा माथा?" बाबांनी विचारलं. माथ्यावर मेल्ड्रमांचा छाप होता.

अँगसचे कान लाल झाले. "माझाच आहे. काल बसवला."

बाबांनी काठी ड्यूगलकडे परत सरकवली. मग म्हणाले, "दुकानातून तयार मॅशी आण. पाच आण. ही त्यांत मिसळ. मी डोळे बांधून ओळखतो. ड्यूगल, ओळखता आली नाही तर उद्या हो म्हणून सांग तुझ्या कंपनीला. ओळखली, तर या घरात पुन्हा पोलादाचं नाव काढायचं नाही. जेसीनेही नाही."

"आज रविवार आहे!" आई ओरडली.

"काम कुठे करतोय एल्स्पेथ? ओळख पटवतोय."

"काठीला हात लावणं म्हणजे कामच. मी बघणार नाही." आणि तिने खरंच आपली खुर्ची उचलून भिंतीकडे तोंड करून मांडली. कान मात्र टेबलाकडेच होते.

"बरं झालं," काका म्हणाले, "वर विचारलं तर एक साक्षीदार कमी."

अँगस काठ्या आणायला गेला. जेसी ताटं गोळा करू लागली. रोबीनाने चहाची किटली उचलली, कारण हातात काहीतरी असणं भाग होतं.

बाबांची बोटं मेली होती. गेल्या तीन हिवाळ्यांत हळूहळू, टोकाकडून आत. काठीच्या माथ्यात वजनाला वितळलेलं शिसं ओतायचं, त्या वाफेत जन्म गेला, त्यामुळे असेल; नाहीतर समुद्राच्या वाऱ्याने असेल. डॉक्टरकडे ते गेलेच नाहीत, त्यामुळे कोण सांगणार? आधी खिळे पडायला लागले, मग सुया. अँगस मागच्या भट्टीत लोखंड ठोकायचा, त्याला हे दिसलं नाही. रोबीना शेजारी बसायची, तिला दिसलं. हिकरीचे दांडे निवडणं हे मेल्ड्रमांचं खरं काम. दांडा जमिनीवर टेकवून वाकवायचा, झुलवायचा, तो कुठे नरम आहे, कुठे पीळ घेतो, कुणाच्या हाताला शोभेल, हे बोटांना कळायला हवं. बाबा अजूनही तसंच करत. दांडा वाकवत, झुलवत, डोळे मिटत. आणि शेजारी रोबीना काचकागदाने दुसरा दांडा घासत असे. बाबांच्या हातातला दांडा झुलताना चांगला दिसला की तिचं घासणं चालू राही. वाईट असला की तिचा हात थांबे. पहिल्यांदा तो आपोआप थांबला होता. बाबांनी तो दांडा जाळायच्या ढिगात टाकला. पुढच्या वेळीही तसंच झालं. त्यानंतर दोघांनी यावर एक शब्दही काढला नव्हता. ते निवडत होते, असं दोघंही मानून चालले होते.

आता ते सगळ्यांसमोर डोळे बांधून बसणार होते.

ड्यूगलने आईची चर्चची शाल घेऊन बाबांच्या डोळ्यांवर घट्ट बांधली. "ठोकायचं नाही, नख मारायचं नाही, वास घ्यायचा नाही. मुठीला धरून झुलवायची, एवढंच."

"तू मला शिकवतोस?"

रोबीनाने सगळ्यांना चहा ओतला. आपल्या कपात साखर घातली. चमचा फिरवायला लागली, आणि तेव्हा तिच्या ध्यानात आलं की हा आवाज खोलीभर ऐकू येतोय. चमचा थांबवला तर? तिने चमचा थांबवला नाही.

ती गप्प राहिली तर बाबा चुकतील. ड्यूगलसमोर, जेसीसमोर, त्या अमेरिकन बुटांसमोर त्यांची अब्रू जाईल, आणि ज्या हातांच्या नावावर ते जगले ते हात गेलेत हे त्यांना कबूल करावं लागेल. ती बोलली, म्हणजे तिचा चमचा बोलला, तर बाबा जिंकतील, कनिंगहॅमला कंपनी मिळेल, आणि वर्ष दोन वर्षांत अँगसचं बाळ रांगायला लागेल तेव्हा दुकानाला फळ्या लागलेल्या असतील. आणि तिची स्वतःची जागा? टेबलाचं ते टोक? बाबांची अब्रू वाचवायची आहे की आपली जागा, हे तिला नक्की सांगता येईना, आणि त्याची तिला फार लाज वाटली.

बाबांनी पहिली काठी घेतली. मनगटाने झुलवली. "हं." खाली ठेवली.

दुसरी. "हं."

तिसरी काठी त्यांच्या हातात हलली आणि रोबीनाला दिसलं. लाकडाचा माथा परत येताना जरासा रेंगाळतो, किंचित वळतो, मग जागेवर येतो. हा सरळ गेला आणि सरळ आला.

काहीच ठरवलेलं नव्हतं. चमचा थांबला.

तिने लगेच पुन्हा फिरवायला सुरुवात केली, पण फार जोरात. थोडा चहा बशीत सांडला. बाबांचं डोकं इतकंसं कललं, दुकानात कामाच्या टेबलापाशी कलायचं तसं. मग त्यांनी तिसरी खाली ठेवली, चौथी घेतली, पाचवी, सहावी. प्रत्येकीला नीट वेळ दिला.

"तिसरी," ते म्हणाले.

ड्यूगलचा चेहरा पडला. त्याने काठी उचलून पाहिली, न पाहताही त्याला माहीत होतं. "बरोबर," तो म्हणाला.

काकांनी टेबलावर अशी थाप मारली की कप उडाले. "अरे वा रे म्हाताऱ्या!" भिंतीकडून आईचा आवाज आला, "देवा, तुझी कृपा," आणि ती कृपा नक्की कशाबद्दल हे तिलाही ठाऊक नसावं, कारण त्यापाठोपाठ तिने हुंदका दिला. जेसी मटकन खुर्चीत बसली आणि पोटावर हात ठेवून छताकडे पाहत राहिली. अँगस तिच्याकडे जाऊ की बाबांकडे, अशा पेचात जागच्या जागी उभा होता.

बाबांनी डोळ्यांवरची शाल काढली नव्हती.

"ड्यूगल," ते म्हणाले, "मी ओळखली नाही."

"म्हणजे?"

"मला सहाही सारख्या लागल्या. झाडूचे दांडे दिले असतेस तरी सारखेच लागले असते. माझी बोटं गेलीत. चांगली तीन वर्षं झाली." ते थांबले. डोळे बांधलेले होते म्हणूनच बहुधा त्यांना बोलता येत होतं. "तिसरीला रोबीनाचा चमचा थांबला."

कुणालाही काही कळलं नाही. मग त्यांनी सांगितलं, काचकागदाचं, जाळायच्या ढिगाचं, सगळं, दुसऱ्याच कुणाची गोष्ट सांगावी तसं. रोबीनाला वाटलं, जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं.

"मेजरसाहेबांची काठी?" अँगसने विचारलं.

"रोबीनाची निवड."

"डॉक्टरांची ती दोन वर्षांपूर्वीची? जिच्याबद्दल ते अजून बोलतात?"

"तीही."

"आणि मी माथे बसवत राहिलो!" अँगसचा आवाज चिरकला. "मागे भिंतीपलीकडे होतो बाबा. भिंतीपलीकडे! मला सांगावंसं नाही वाटलं?"

"सांगितलं असतं तर खरं झालं असतं रे."

आईची खुर्ची फिरली. ती उठून आली, बाबांच्या समोर उभी राहिली आणि म्हणाली, "हात दाखवा." त्यांनी हात पुढे केले. तिने एकेक बोट दाबून पाहिलं. "हे कळतं? आणि हे?" बाबा नाही नाही अशी मान हलवत राहिले. "सकाळी बटणं लावून मागत होतात," ती म्हणाली, "आणि मी मेली म्हणत होते, म्हातारपणी लाड सुचतायत." तिने ते हात आपल्या हातांत धरून ठेवले.

पण ड्यूगल कंपनीचा माणूस होता. "बाबा, वाईट वाटतं मला. पण म्हणजे अट तुम्ही हरलात."

"कसा हरला?" काका उसळले. "अट ओळखायची होती. कुणाच्या हाताने ते कुठे ठरलं होतं?"

"काका, फसवणुकीला फसवणूकच म्हणतात."

"फसवणूक? लोखंडाला लाकडाचं कातडं घालून आणलंस तू, आणि फसवणूक आमची?"

"आणि आम्ही काय करायचं?" जेसी रडत रडत ओरडली. "तुमच्या अटी, तुमची पैज! माझ्या पोराने काय खायचं, लाकडाचा भुसा?"

"गप्प बसा सगळे," बाबा म्हणाले. त्यांनी शाल सोडली. उजेडाने डोळे बारीक झाले होते, त्यांत पाणी होतं आणि ते त्यांनी पुसलं नाही. "रोबीना, इकडे ये. ती तिसरी घे हातात. कोणती ते सगळ्यांना कळलंय. कशी आहे ते सांग."

"ती तुमच्याच बाजूने बोलणार," ड्यूगल म्हणाला.

"बोलू दे. पोरी, तू खोटं सांगितलंस तर मला आता कळायचं नाही. म्हणून तुलाच विचारतोय. ही चांगली आहे की नाही? तू सांगशील ते मी करीन."

सगळे तिच्याकडे बघत होते. जेसीने ओठ चावून धरला होता. अँगस खिडकीबाहेर बघत होता, आपल्याला काय हवंय हे बहिणीला चेहऱ्यावर दिसू नये म्हणून. रोबीनाने काठी घेतली. तिला खोट सापडायला हवी होती. आयुष्यात तिला कशाचीही इतकी गरज वाटली नव्हती. तिने काठी झुलवली, एकदा मनगटाने, एकदा खांद्यापासून. हात जरा मुका झाल्यासारखा वाटला. लाकूड बोलतं, हे बोलत नव्हतं. हे सांगता आलं असतं. ही मेलेली आहे बाबा, एवढं म्हटलं असतं तर संपलं असतं.

"नुसते दांडे आहेत का तुझ्याकडे?" तिने ड्यूगलला विचारलं.

त्याने पिशवीतून जुडगा काढला. काही चमकते, काही लाकडाचं सोंग घेतलेले. तिने एक घेतला, जमिनीवर टेकवला आणि तळव्याने वाकवला. सोडला. दुसरा घेतला, वाकवला, सोडला. मग तिसरा. तिची बोटं सवयीने फरक शोधत होती आणि त्यांना तो सापडत नव्हता. तिने डोळे मिटले, म्हणजे जास्त कळेल. चौथा. तोच. पाचवा. तोच. जन्मभरात तिने एकसारखे दोन दांडे हातात धरले नव्हते, आणि इथे अख्खा जुडगा एकाच आईच्या पोटचा होता. एकही नरम नाही, एकही पीळ घेत नाही. निवडायला काही उरतच नव्हतं. तिने सगळे पाहिले, उरलेला शेवटचाही, आणि मग ते टेबलावर ठेवले.

"बोल," बाबा म्हणाले.

"आपली चांगली हिकरी याहून चांगली आहे, बाबा."

जेसीच्या तोंडून बारीक आवाज निघाला.

"पण चांगली म्हणजे ढिगातली एखादी," रोबीना पुढे म्हणाली. तिचा आवाज तिलाच ओळखू येत नव्हता. "बाकीच्या आपण जाळतो. यातली एकही जाळावी लागणार नाही. सगळ्या चांगल्या आहेत. कुणीही उचलावी, कुणालाही द्यावी."

बाबांनी त्या जुडग्यातला एक दांडा उचलला, वाकवला, आणि तो त्यांच्या बोटांना काहीच सांगत नसतानाही हळूच मान डोलावली.

"ड्यूगल, उद्या हो म्हणून सांग."

मग एकदम सगळे बोलायला लागले. काकांना एडिंबरोची गाडी कधी असते ते हवं होतं, आई ड्यूगलला एडिंबरोत कोणत्या भागात खोली घेशील विचारत होती, जेसी अँगसच्या खांद्यावर डोकं ठेवून हमसून हमसून रडत होती. रोबीनाने थंड झालेले कप गोळा केले आणि ती मोरीशी जाऊन धुवायला लागली. तिला पाठीमागचं काही ऐकू येऊ नये असं वाटत होतं.

थोड्या वेळाने अँगस जवळ येऊन उभा राहिला. त्याने फडकं घेतलं आणि एक कप पुसायला लागला. तो कप त्याने पुष्कळ वेळ पुसला.

"एक शब्द बोलली असतीस," तो हळूच म्हणाला, "नुसतं नाही म्हटलं असतंस, तरी मी तोंड उघडलं नसतं. तुला कळतंय ना, माणूस ते एकच ठेवणार आहेत? तुझंच काम गेलं रोबीना. तूच घालवलंस."

"कळतंय."

"मग का?"

रोबीनाने ओले हात एप्रनला पुसले. तिचे डोळे भरून आले होते आणि तिने ते लपवले नाहीत.

"बाबांनी विचारलं रे," ती म्हणाली. "आजवर कधी विचारलं नव्हतं."